मानलेला कॅमेरा : कॉफीच्या भांड्यापासून वेदीपर्यंत



संगणकाला डोळा बसवण्याची गरज कशासाठी पडली, हे कळल्यावर हसू येते. कॉफीसाठी. १९९१ साली इंग्लंडमधील केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत ट्रोजन रूम नावाच्या खोलीबाहेर कॉफीचे एक यंत्र होते. इमारतीत लांब बसणारे संशोधक कप घेऊन तिथवर येत आणि भांडे रिकामे बघून परत जात. क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर आणि पॉल जार्डेट्स्की या दोघांनी त्या भांड्याकडे तोंड करून एक कॅमेरा लावला आणि त्याचे चित्र आपापल्या पडद्याच्या कोपऱ्यात दिसेल अशी सोय केली. चित्राला रंग नव्हता, आकार १२८ बाय १२८ ठिपक्यांचा, आणि ते मिनिटाला तीनेक वेळाच बदलायचे. भांडे भरायला त्याहून जास्त वेळ लागतो, त्यामुळे तेवढे पुरत होते. नोव्हेंबर १९९३ मध्ये हे चित्र वेबवर आले आणि जगभरच्या लाखो लोकांनी केंब्रिजमधील कॉफी किती उरली आहे हे पाहिले. २२ ऑगस्ट २००१ रोजी तो कॅमेरा बंद झाला. भांडे लिलावात ३,३५० पौंडांना गेले, जर्मनीतील श्पीगेल ऑनलाइनने घेतले.

कॉफीची गोष्ट भक्तीच्या पानावर कशाला, असे आपण विचाराल. कारण असे की रविवारच्या मराठी मिस्सेचे थेट प्रक्षेपण आम्ही सांभाळतो तेव्हापासून दोन प्रश्न वारंवार येतात. तरुण विचारतात, झूममध्ये ‘ओबीएस व्हर्च्युअल कॅमेरा’ असे नाव दिसते, तो कॅमेरा कुठे आहे? वडीलधारे विचारतात, वर्तमानपत्रात ‘व्हर्च्युअल’ला ‘आभासी’ म्हणतात. आभास म्हणजे भास. मग मिस्सेला भास कशाला? पहिला प्रश्न तंत्राचा, दुसरा श्रद्धेचा. दोन्हींची उत्तरे या डोळ्याच्या इतिहासात सापडतात, आणि ती एकमेकांपासून फार दूर नाहीत.

आधी खरा कॅमेरा. १९९२ मध्ये अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठात टिम डॉर्सी यांनी मॅकिंटॉश संगणकासाठी ‘सी-यू-सी-मी’ हा प्रोग्रॅम लिहिला. इंटरनेटवरून एकमेकांचे चेहरे बघत बोलण्याची ही अगदी सुरुवातीची साधने. १९९४ मध्ये कनेक्टिक्स कंपनीने क्विककॅम बाजारात आणला. चेंडूएवढा गोळा, १६ करड्या छटा, किंमत साधारण शंभर डॉलर. चार वर्षांनी, १९९८ मध्ये, हा धंदा लॉजिटेकने विकत घेतला. पुढे २००६ च्या सुरुवातीला स्काइपवर चित्रासह बोलणे सुरू झाले आणि आखातात किंवा अमेरिकेत गेलेल्या लेकरांचे तोंड बघायला आजीआजोबा सायबर कॅफेत जाऊ लागले. आपल्यापैकी अनेकांनी नातवंडांचा पहिला दात तिथे पाहिला आहे.

पण देऊळमाता दूरच्या माणसापर्यंत पोहोचण्याचा विचार वेबकॅमच्या कितीतरी आधीपासून करत होती. २ जानेवारी १९२१ रोजी अमेरिकेतील पिट्सबर्ग शहरात कॅल्व्हरी एपिस्कोपल चर्चमधील सायंप्रार्थना केडीकेए या रेडिओ केंद्राने प्रसारित केली. चर्चमधून झालेले हे पहिले रेडिओ प्रक्षेपण मानले जाते. त्या प्रसंगाची एक बारीक गोष्ट आम्हांला फार आवडते. यंत्रे सांभाळायला आलेले दोन तंत्रज्ञ उपासनेत उठून दिसू नयेत म्हणून त्यांना गायनवृंदाचे झगे घातले होते. त्यांतला एक कॅथलिक होता आणि दुसरा यहुदी! प्रवचन मुख्य धर्मगुरूंनी केले नाही. त्यांना या नव्या प्रकाराची खात्री वाटत नव्हती, म्हणून ते काम त्यांच्या तरुण सहकाऱ्याकडे आले. कुठल्याही पॅरिशमध्ये आज कॅमेरा आणला की काय होते, ते शंभर वर्षांपूर्वीही तसेच झाले म्हणायचे.

सगळीकडे दार उघडे नव्हते. १९२३ मध्ये लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत ड्यूक ऑफ यॉर्क यांचे लग्न होते. बीबीसीने ते रेडिओवर देण्याची इच्छा दाखवली, ॲबीने नकार दिला. गुत्त्यात बसलेले लोक डोक्यावरची टोपी न काढता प्रार्थना ऐकतील, ही भीती होती असे सांगतात. आपण याला हसतो खरे, पण मोबाइल भिंतीला टेकवून, एका हाताने कांदा चिरत मिस्सा ‘ऐकणारे’ आपणही काही कमी नाही. त्या लोकांची काळजी अगदीच पोकळ नव्हती.

कॅथलिक बाजूला १२ फेब्रुवारी १९३१ रोजी पोप अकरावे पायस यांनी व्हॅटिकन रेडिओचे उद्घाटन केले. ते केंद्र उभारून देणारे मार्कोनी स्वतः तिथे हजर होते. १९४८ च्या नाताळात पॅरिसच्या नोत्र दाम कॅथेड्रलमधील मध्यरात्रीची मिस्सा दूरचित्रवाणीवर दाखवली गेली. १९५८ मध्ये पोप बारावे पायस यांनी असिसीच्या संत क्लारा यांना दूरचित्रवाणीच्या आश्रयदात्या संत म्हणून घोषित केले. तेराव्या शतकातील मठवासी बाईंचा टीव्हीशी काय संबंध? परंपरा अशी की एका नाताळच्या रात्री त्या आजारपणामुळे अंथरुणाला खिळल्या होत्या, बाकीच्या भगिनी चर्चला गेल्या, आणि एकट्या पडलेल्या क्लारांना खोलीतच त्या दूरच्या उपासनेचे दर्शन आणि गायन घडले. आमच्या प्रक्षेपणाची संपूर्ण कल्पना या एका गोष्टीत आहे. जी चालू शकते ती चर्चला जाते, आणि जी अंथरुणावर आहे तिच्यापर्यंत चर्च येते.

आणखी एक साल आम्ही लक्षात ठेवले आहे, १९५३. त्या वर्षी २ जूनला राणी एलिझाबेथ यांचा राज्याभिषेक वेस्टमिन्स्टर ॲबीतच झाला. हीच ती ॲबी जिने तीस वर्षांपूर्वी माइकलाही नाही म्हटले होते. या वेळी कॅमेरे आत आले, लाखो घरांनी सोहळा पाहिला; पण पवित्र तेलाचा अभिषेक आणि कम्युनियन हे दोन क्षण कॅमेऱ्याने दाखवले नाहीत. अभिषेकाच्या वेळी राणीवर छत धरले होते. म्हणजे दार उघडायचे की बंद ठेवायचे, एवढाच प्रश्न नाही. दार उघडल्यावर नजर कुठे खाली घालायची, हेही ठरवावे लागते. या मुद्द्यावर आम्ही पुढे परत येणार आहोत.

आता ज्या कॅमेऱ्याला भिंगच नाही त्याच्याकडे वळू.

खरा वेबकॅम यूएसबीच्या वायरीने लॅपटॉपला जोडला की तो विंडोजसारख्या ऑपरेटिंग सिस्टिमकडे आपली नोंद करतो : मी कॅमेरा आहे, एवढ्या आकाराची चित्रे देईन, सेकंदाला इतकी देईन. झूमसारखा प्रोग्रॅम स्वतः कॅमेरा शोधत बसत नाही. तो सिस्टिमकडे कॅमेऱ्यांची यादी मागतो आणि यादीतील एकाकडून चित्रे घेतो. पलीकडे खरोखर काच आहे की नाही, याची तो चौकशी करत नाही. कुण्या हुशार माणसांनी ओळखले की यादीत नाव घालता आले तर एखादा प्रोग्रॅमही कॅमेरा म्हणून खपून जाईल. विंडोजमध्ये हे काम डायरेक्टशो नावाच्या व्यवस्थेतून करता आले, लिनक्समध्ये ‘व्हिडिओ फोर लिनक्स’च्या लूपबॅकमधून. एका बाजूने प्रोग्रॅम चित्रे ओततो, दुसऱ्या बाजूने ती कॅमेऱ्याची म्हणून बाहेर येतात.

सुरुवातीला याची गरजही साधीच होती. जुन्या विंडोजमध्ये एक वेबकॅम एका वेळी एकच प्रोग्रॅम वापरू शकत असे. दोन ठिकाणी तोच चेहरा दाखवायचा तर मध्ये एक वाटप करणारा लागे. स्प्लिटकॅम, मेनीकॅम अशी सॉफ्टवेअरे त्यासाठी आली आणि पाहता पाहता त्यांत चेहऱ्यावर मिश्या, डोक्यावर टोप्या, मागे समुद्रकिनारा अशी करमणूक शिरली. त्या करमणुकीचे एक रूप साऱ्या जगाने फेब्रुवारी २०२१ मध्ये पाहिले. अमेरिकेतील टेक्सासमध्ये झूमवर न्यायालयाचे काम चालू असताना एक वकील पडद्यावर मांजराच्या पिल्लाच्या रूपात अवतरले आणि आपण मांजर नाही असे न्यायाधीशांना गंभीरपणे सांगू लागले. कारण होते लॅपटॉपबरोबर आलेले जुन्या काळचे वेबकॅम सॉफ्टवेअर, जे यादीत कॅमेरा म्हणून नाव लावून बसले होते.

मराठीत अशा नात्याला फार चांगला शब्द आहे. रक्ताचा नसला तरी जो भावाची कर्तव्ये करतो त्याला आपण मानलेला भाऊ म्हणतो. कुणी त्याला आभासी भाऊ म्हणत नाही. ‘व्हर्च्युअल’ हा शब्दही मुळात भासाचा नाहीच. तो लॅटिन ‘व्हिर्टुस’वरून आला, म्हणजे सामर्थ्य, गुण, आणि मध्ययुगातील ईशज्ञानी पंडितांनी तो वापरला तो ‘नावाने नसेल पण सामर्थ्याने आहे’ अशा अर्थाने. म्हणून आमच्या गटात आम्ही याला मानलेला कॅमेरा म्हणतो. आजोबांना ते एका वाक्यात पटते.

आज आम्ही वापरतो ते ओबीएस हे सॉफ्टवेअर २०१२ साली ह्यू बेली यांनी सुरू केले. मित्र त्यांना जिम म्हणतात. स्टारक्राफ्ट हा संगणकावरील खेळ खेळताना तो इतरांना थेट दाखवता यावा, एवढाच हेतू होता. १ सप्टेंबर २०१२ रोजी पहिली आवृत्ती आली. सॉफ्टवेअर मोफत, त्याचा कोड सर्वांना खुला, त्यामुळे जगभरचे प्रोग्रॅमर त्यात हात घालत गेले. खेळासाठी केलेली वस्तू वेदीसमोर आली, याचे आम्हांला नवल वाटत नाही. फादर थॉमस स्टीफन्स यांचे मराठी ‘ख्रिस्तपुराण’ गोव्यात राशोल येथे १६१६ मध्ये छापले गेले तेव्हा छापखान्यात देवनागरी खिळे नव्हते. ते रोमन अक्षरांत छापले. हाताशी असेल त्या यंत्राने आपल्या भाषेत सुवार्ता सांगायची, ही आपल्याकडची जुनीच रीत आहे.

मग २०२० चा प्रायश्चित्तकाळ आला. २५ मार्चपासून देशभर टाळेबंदी. २७ मार्चच्या संध्याकाळी पोप फ्रान्सिस पावसात, रिकाम्या सेंट पीटर्स चौकात एकटे उभे राहिले आणि त्यांनी जगाला आशीर्वाद दिला. ते दृश्य पडद्यावर पाहताना कुणाला ‘आभासी’ वाटले असेल असे आम्हांला वाटत नाही. झावळ्यांचा रविवार घरात गेला, १२ एप्रिलचा ईस्टरही घरातच. इटलीत एका धर्मगुरूंनी फोनवरून मिस्सा प्रक्षेपित केली आणि नकळत फिल्टर चालू राहिल्याने त्यांच्या डोक्यावर कधी शिरस्त्राण तर कधी जादूगाराची टोपी उगवत राहिली. त्या दुःखाच्या दिवसांत लोक मनापासून हसले, आणि त्यांनीही ते हसण्यावारी नेले.

छोट्या पॅरिशांपुढे अडचण वेगळीच होती. फोनवरून यूट्यूबवर थेट प्रक्षेपण करायचे तर त्या वेळी वाहिनीचे किमान १,००० सदस्य लागत. मराठी मिस्सेला येणारी आपली कुटुंबेच मोजकी. हजार कुठून आणायचे? संगणकावरून मात्र ही अट नव्हती. म्हणून कितीतरी पॅरिशांतील कॉलेजची मुले ओबीएस शिकली. दुसरीकडे रोझरी, नोव्हेना, मयताच्या घरची प्रार्थना झूमवर होऊ लागली, कारण तिथे उत्तर देता येते; यूट्यूबवर नुसते बघायचे. झूमच्या मोफत खात्यात दोघांहून जास्त माणसांची बैठक चाळीस मिनिटांत संपे. रोझरी तेवढ्यात बसते. सगळीच प्रवचने बसतात असे नाही.

मानलेल्या कॅमेऱ्याचा खरा उपयोग इथे झाला. झूममध्ये स्क्रीन शेअर करून गीताचे शब्द दाखवले की फादरांचा चेहरा कोपऱ्यात टपाल तिकिटाएवढा होतो. ओबीएसमध्ये मात्र फादरांचे चित्र, खाली मराठी गीताच्या ओळी, बाजूला क्रूस, असे एकच दृश्य रचता येते आणि ते सगळे एक कॅमेरा म्हणून झूमला देता येते. आपल्या घरांतील ज्या मुलांची शाळा कन्नड किंवा इंग्रजी माध्यमाची, त्यांना शब्द डोळ्यांपुढे असल्याशिवाय मराठी गीते म्हणता येत नाहीत, म्हणून त्या ओळींचे मोल आम्हांला जास्त. पूर्वी यासाठी वेगळे प्लगइन बसवावे लागे. सप्टेंबर २०२० च्या अखेरीस २६ क्रमांकाच्या आवृत्तीत विंडोजसाठी ही सोय ओबीएसच्या आतच आली, डिसेंबरमध्ये २६.१ मध्ये मॅक आणि लिनक्ससाठीही. मॅकवर सुरक्षेचे नियम कडक असल्याने वाट अधिक खडतर होती. ॲपलने २०२२ मध्ये कॅमेऱ्यांसाठी नवी अधिकृत पद्धत दिली आणि ओबीएसने २०२३ मधील तिसाव्या आवृत्तीत ती स्वीकारली.

इतर पॅरिशांतील स्वयंसेवक विचारतात म्हणून रीत थोडक्यात सांगतो. आधी ओबीएस उघडून दृश्य रचावे, मग ‘स्टार्ट व्हर्च्युअल कॅमेरा’ दाबावे, त्यानंतर झूमच्या व्हिडिओच्या यादीत ‘ओबीएस व्हर्च्युअल कॅमेरा’ निवडावा. बटण दाबायचे राहिले तर लोकांना चित्राच्या जागी नुसते ओबीएसचे चिन्ह दिसते. स्वतःच्या पडद्यावर अक्षरे उलटी दिसली तर घाबरू नये. झूम आपल्याला आपले चित्र आरशासारखे दाखवते, इतरांना ते सुलटेच दिसते. आणि सगळ्यांत महत्त्वाचे, हा कॅमेरा फक्त चित्र नेतो, आवाज नेत नाही. माइक झूममध्ये वेगळा निवडावा लागतो. घरी अंथरुणावर असलेल्या माणसाला चित्र धूसर असले तरी चालते, पण सुवार्तेचा शब्द कळला नाही तर त्याची मिस्सा गेली. पैसे थोडे असतील तर आधी चांगला माइक घ्यावा, कॅमेरा म्हणून जुना फोन चालतो.

वडीलधाऱ्यांचा प्रश्न राहिला. २२ फेब्रुवारी २००२ रोजी, झूमचे नावही नव्हते तेव्हा, व्हॅटिकनच्या सामाजिक संपर्क विभागाने चर्च आणि इंटरनेट यांवर एक दस्तऐवज काढला. त्यात स्पष्ट म्हटले आहे की पडद्यावरचे वास्तव हे मिस्सेतील ख्रिस्ताच्या खऱ्या उपस्थितीची जागा घेऊ शकत नाही आणि इंटरनेटवर संस्कार होत नाहीत. पण ज्यांना येता येत नाही त्यांना जोडून घेण्याला त्यात मनाई नाही. शुभवर्तमानात कफर्णहूम गावच्या दोन घटना आहेत. शताधिपतीचा चाकर घरी पडून होता. प्रभू त्या घरात गेला नाही, तरी तो बरा झाला. त्याच गावात चौघांनी एका पक्षघाती माणसाला खाटेसकट उचलून आणले आणि छप्पर उकलून प्रभूपुढे उतरवले. आमचा कॅमेरा पहिल्या घटनेच्या बाजूचा. पण म्हणून खाट उचलणाऱ्या चौघांना सुट्टी मिळत नाही, आणि खरी काळजी तिथेच आहे. २०२१ नंतर चर्च उघडले, बाके भरली, आणि प्रक्षेपण चालू आहे एवढ्या समाधानावर घरोघरी जाणे मागे पडले. ज्या आजी पूर्वी शेजाऱ्याच्या रिक्षातून यायच्या त्यांना आता कुणी विचारत नाही, कारण ‘त्या ऑनलाइन बघतात’.

म्हणून पॅरिश समितीत प्रक्षेपण बंद करावे अशीही सूचना आली होती. आम्ही फादरांपुढे दोन्ही बाजू मांडल्या आणि ते चालू ठेवायचे, पण काही मर्यादा घालायच्या असे ठरले. १९५३ चे उदाहरण तेव्हा कामी आले. कम्युनियनच्या वेळी रांगेतील माणसांचे चेहरे आता दाखवले जात नाहीत. ओबीएसमध्ये त्यासाठी वेगळे दृश्य ठेवले आहे. त्यात वेदीचे स्थिर चित्र आणि आध्यात्मिक कम्युनियनची प्रार्थना दिसते, आवाज मात्र गायनवृंदाचा चालू राहतो. अंत्यविधीत शवपेटीचे आणि रडणाऱ्या घरच्यांचे जवळून चित्र घेतले जात नाही. परदेशातील मुलांना अंत्यविधी पाहायचा असेल तर झूमची लिंक फक्त कुटुंबाला दिली जाते. पहिल्या कम्युनियनच्या मुलांबाबत आईवडिलांची संमती आधी विचारली जाते. मिस्सा संपल्यावर ध्वनिचित्रफीत यूट्यूबवर आठवडाभर राहते, मग काढली जाते.

घरून मिस्सा पाहणाऱ्यांची नावे आमच्याकडे वहीत आहेत. येत्या रविवारपासून तीच वही मिस्सेनंतर कम्युनियन घेऊन जाणाऱ्या सेवकांकडे दिली जाईल. आपल्या गल्लीत कुणी अंथरुणावर असेल, किंवा ज्यांच्याकडे फोनच नाही असे कुणी असतील, तर त्यांचे नाव आणि घराचा पत्ता शनिवारी संध्याकाळपर्यंत सॅक्रिस्टीत द्यावा. ज्यांना चर्चला यायचे आहे पण सोबत नाही, त्यांच्या नावापुढे तसे लिहावे. गाडी असलेल्या तीन कुटुंबांनी आणायची-पोहोचवायची तयारी दाखवली आहे, चौथे हवे आहे.